निर्दोष मुक्ततेवरील अपील आणि आत्मसंरक्षणाची मर्यादा

न्या. प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी १९६२ साली सर्वोच्च न्यायालयात दिलेले दोन निर्णय एकत्र वाचण्याची प्रथा आपल्याकडे नाही. एप्रिलमधील ‘अगरवाल विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ हा मुंबईच्या प्राप्तिकर खात्यातील अपहाराचा खटला प्रक्रियेच्या प्रश्नपत्रिकेत पडतो. जुलैमधील ‘जयदेव विरुद्ध पंजाब राज्य’ हा शेतजमिनीवरून झालेल्या हत्यांचा खटला दंडसंहितेच्या. पहिल्यात निर्दोष मुक्तता फिरविण्याच्या अधिकाराची व्याप्ती ठरली, दुसऱ्यात आत्मसंरक्षणाच्या हक्काची सीमा. पण एकाच खटल्यात दोन्ही प्रश्न उद्भवले तर काय, याचे उत्तर या दोहोंपैकी एकातही नाही.

निर्दोष मुक्ततेवर अपील ही इंग्रजी परंपरेला परकी गोष्ट. आपल्याकडेही १८६१ च्या संहितेने ते निषिद्ध मानले होते. १८७२ च्या संहितेने सरकारला तो अधिकार दिला. शिवस्वरूप खटल्यात (१९३४) प्रिव्ही कौन्सिलने उच्च न्यायालयाचे अधिकार पूर्ण मानले. मात्र साक्षीदार प्रत्यक्ष पाहिलेल्या न्यायाधीशाचे मत आणि आरोपीच्या निर्दोषत्वाचे गृहीतक यांना योग्य वजन देण्यास बजावले. पुढे ‘सबळ व निर्णायक कारणे’ हा शब्दप्रयोग रूढ होऊन त्याला नियमाचे रूप येऊ लागले. सनवतसिंग खटल्यात न्या. सुब्बाराव यांनी ते दूर केले. ‘अगरवाल’मध्येही भूमिका हीच: अधिकार कमी नाही, पण मुक्ततेने निर्दोषत्वाचे गृहीतक अधिक दृढ होते. पुराव्यातून दोन वाजवी निष्कर्ष संभवत असतील तर मुक्तता ढळवू नये, हे सूत्र २००७ च्या चंद्रप्पा निर्णयात पुन्हा मांडले गेले. (नानावटी खटल्याचा दाखला येथे सर्रास दिला जातो, तो चुकीचा. तेथे ज्यूरीच्या निर्णयाशी असहमत झालेल्या सत्र न्यायाधीशांनी प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठविले होते. ते अपील नव्हे.)

आता एक कल्पित उदाहरण घेऊ. शहाडजवळ उल्हास नदीकाठच्या एका वीटभट्टीवर रात्री तिघे चोर शिरले. रखवालदाराने काठीने दोघांना पिटाळले. तिसऱ्याच्या हाती कोयता होता. त्याच्या डोक्यात घाव बसला व तो मेला. घाव बसला तेव्हा तो अर्धवट वळला होता, हे सर्वच साक्षीदार सांगतात. कल्याणच्या सत्र न्यायालयाने रखवालदारास सोडले. शासन मुंबई उच्च न्यायालयात अपिलात गेले.

येथे घटनेविषयी वाद नाही. वाद आहे तो त्या अर्ध्या वळणाच्या अर्थाविषयी. ‘दोन निष्कर्षां’चे सूत्र पुराव्याच्या संदिग्धतेसाठी घडले, ते मूल्यमापनाच्या संदिग्धतेला लागू करावे काय? साक्षीदार प्रत्यक्ष पाहिल्याचा सत्र न्यायाधीशाचा फायदा येथे फारसा उपयोगी नाही. म्हणून उच्च न्यायालय मोकळे आहे, असे म्हणावेसे वाटते. पण तसे म्हणणे घाईचे होईल.

‘जयदेव’मध्ये दोन कसोट्या आहेत. संकटात सापडलेल्या माणसाच्या तत्कालीन मनःस्थितीस सवलत द्यावी, न्यायालयातील शांत तटस्थता त्याच्यावर लादू नये, ही पहिली. जमाव पळू लागल्यावर दूर गेलेल्यांवर गोळ्या झाडल्या तेव्हा हक्क संपला होता, ही दुसरी. पहिलीचे मूळ नागपूर उच्च न्यायालयाच्या निर्णयावरील अमजदखान अपिलात (१९५२) सापडते. कटनीच्या दंगलीत दुकानावर चालून आलेल्या जमावावर गोळी झाडणाऱ्या दुकानदारास सोडताना नागपूरचेच माजी मुख्य न्यायाधीश न्या. व्हिव्हियन बोस यांनी असल्या गोष्टी सोन्याच्या काट्यावर तोलता येत नाहीत असे मानले. ही दोन्ही अपिले शिक्षेविरुद्धची होती. त्यामुळे सवलतीची कसोटी आणि दृढ झालेले गृहीतक यांची गाठ तेथे पडली नाही.

प्रस्तुत लेखकाच्या मते दोन प्रश्न वेगळे काढावेत. रखवालदारास भीती वाटली काय व ती त्या क्षणी वाजवी होती काय, हा पहिला. त्यात सत्र न्यायाधीशाचे मत संभवनीय असेल तर तेथेच थांबावे. भीतीचे कारण निःसंशय संपल्यानंतर घाव पडला काय, हा दुसरा. कलम १०२ ची (आता भारतीय न्याय संहितेच्या कलम ४० ची) मर्यादा हा कायद्याचा प्रश्न असल्याने त्यात उच्च न्यायालयास संकोचाचे कारण नाही. अर्धे वळण पहिल्यात मोडते, शंभर पावलांवरचा पळ दुसऱ्यात.

सिद्धतेच्या भाराचाही विचार हवा. बचाव शाबीत करण्याचा भार आरोपीवर असला तरी त्याला केवळ संभवनीयता दाखवावी लागते. मुक्ततेवरील अपिलात म्हणून शासनाने बचाव अपुरा असल्याचे दाखविणे पुरेसे नाही. तो संभवनीय मानणेच अवाजवी होते, असे दाखविले पाहिजे. २००९ च्या अखेरीपासून पीडितासही अपिलाचा हक्क आहे आणि तो योग्यच आहे. पण अपीलकर्ता बदलल्याने हे माप बदलत नाही.

राहिला कलम ३०० चा दुसरा अपवाद. हक्काची मर्यादा ओलांडली म्हणून खुनाऐवजी सदोष मनुष्यवध ठरविणे ही तडजोडीची वाट अपिलात मोहक वाटते. परंतु मर्यादा केव्हा ओलांडली, तो क्षण पुराव्यातून दाखविल्यावाचून ती वाट उघडत नाही. आपल्या रखवालदाराच्या खटल्यात तो क्षण कोणीही दाखविलेला नाही. सबब अपील फेटाळावे लागेल.