तिबेटी पोथ्या आणि भारतीय दृष्टी

तिबेटी ग्रंथसंग्रहांकडे भारतीय विद्वत्तेने दीर्घकाळ लुप्त संस्कृत ग्रंथांची तिजोरी म्हणूनच पाहिले. राहुल सांकृत्यायन यांनी १९२९ ते १९३८ या काळात तिबेटच्या चार वाऱ्या केल्या आणि तेथील विहारांतील ताडपत्रांची छायाचित्रे आणली. त्यांवरूनच वसुबंधूच्या ‘अभिधर्मकोशा’च्या मूळ कारिका पुण्याच्या वा. वि. गोखले यांनी १९४६ मध्ये प्रसिद्ध केल्या. हे ऋण लहान नव्हे. परंतु १९३४ च्या प्रवासात राहुलजींबरोबर असलेले गेदुन छोफेल या वृत्तांतात बहुधा वाटाडे म्हणूनच उरतात. वस्तुतः ते कवी आणि इतिहासकार होते. दुनहुआंगच्या गुहेतून लंडन-पॅरिसला गेलेल्या प्राचीन तिबेटी लेखांच्या आधारे, धर्मकथेची चौकट बाजूला सारून, त्यांनी ‘श्वेत इतिवृत्त’ लिहावयास घेतले. ते १९४६ मधील त्यांच्या अटकेमुळे अपुरे राहिले. स्वदेशाचा इतिहास परदेशी संग्रहांतील कागदांवरून लिहावा लागणे, हा त्या ग्रंथाचा खरा ताण आहे.

१९५९ नंतर निर्वासितांबरोबर पोथ्याही भारतात आल्या. धर्मशाळेचे तिबेटी ग्रंथालय १९७० मध्ये स्थापन झाले. अमेरिकी काँग्रेस ग्रंथालयाच्या दिल्ली कार्यालयात १९६८ पासून काम करणाऱ्या जीन स्मिथ यांनी अशा पोथ्यांच्या पुनर्मुद्रणास चालना दिली. पैसा आला तो भारताला विकलेल्या अमेरिकी धान्याच्या किमतीतून! त्या पुनर्मुद्रणांना स्मिथ यांनी लिहिलेल्या प्रस्तावना २००१ मध्ये ग्रंथरूपाने संकलित झाल्या. सूचिकाराचा कोरडेपणा त्यांत नाही. तेथे तिबेटी लेखक हा अनुवादक वा भांडारी नसून, परंपरेशी वाद घालणारा ग्रंथकार म्हणून भेटतो.