परकायाप्रवेश आणि ‘स्व’ची निश्चिती

२०२२-२३ मध्ये टीव्हीएन या वाहिनीवरून दोन भागांत प्रसारित झालेल्या ‘अल्केमी ऑफ सोल्स’ या कोरियन मालिकेचे मुख्य सूत्र निषिद्ध आत्मपालटाचे आहे. होंग भगिनींनी कल्पिलेल्या देहो राज्यात मारेकरी नाक्सूचा आत्मा मु-दोकच्या देहात शिरतो, तर राजा चांग गांगचा देह काही काळ वापरतो. ही विद्या तेथे अपराध ठरते, कारण तीत दुसऱ्याचा देह हिरावला जातो. आत्मा हाच ‘स्व’ आणि देह ही त्याची मालमत्ता, हे गृहीत या रचनेच्या मुळाशी आहे. चांग उकच्या पितृत्वाचा प्रश्न उपस्थित होताच मात्र ते डळमळते.

हेच सूत्र मराठी गद्याच्या आरंभकाळीच आढळते. म्हाइंभटसंकलित ‘लीळाचरित्रा’च्या परंपरेनुसार द्वारावतीच्या चांगदेव राऊळांनी कामाख्येच्या आग्रहानंतर देहत्याग केला आणि भडोच येथील प्रधानपुत्र हरिपाळाच्या मृत देहात प्रवेश केला. येथे देह प्रेताचा असल्याने अपहरणाचा प्रश्नच उद्‌भवत नाही. प्रश्न उरतो तो उत्तरदायित्वाचा. उठून बसलेल्या हरिपाळाला पिता, पत्नी कमळाइसा आणि प्रपंच हे सारे देहाबरोबरच प्राप्त होते. पुढे तो द्यूतात हरतो आणि ऋण फेडण्यासाठी पत्नीकडे अलंकार मागतो. ती ते नाकारते. घेणेकरी आत्म्याची ओळख विचारीत नाहीत. त्यांच्या दृष्टीने ऋणको एकच, तो म्हणजे प्रधानाचा पुत्र. पिता ऋण फेडतो, पण व्हावयाचे ते वैराग्य झालेले असते. रामटेकच्या यात्रेच्या निमित्ताने हरिपाळ घर सोडतो आणि ऋद्धिपुरास गोविंदप्रभूंच्या भेटीनंतर चक्रधर म्हणून पुढे येतो. म्हणजे देहांतराने केवळ नवे शरीर मिळते. नवी ओळख संबंधांच्या त्यागातून घडते.

महानुभाव तत्त्वज्ञानातील पंचकृष्णांची गणना या संदर्भात लक्षणीय आहे. तीत चांगदेव राऊळ आणि चक्रधर हे दोन स्वतंत्र अवतार मानले जातात. परमेश्वर एकच असूनही देह बदलताच अवताराची गणना बदलते. आत्म्याचे सातत्य मान्य करूनही देहाला ‘स्व’च्या निश्चितीत असे स्थान देणारी ही भूमिका कोरियन मालिकेतील गृहीताच्या नेमकी उलट दिशेने जाते.

एकीकडे हा प्रसंग चमत्कार म्हणून वगळायचा आणि दुसरीकडे हरिपाळाच्या ऐतिहासिकतेचा शोध घ्यायचा, या दोन्ही मार्गांनी त्याचे कथनात्मक कार्य नजरेआड होते. ‘लीळाचरित्र’ हे वास्तवदर्शी गद्य म्हणून शिकवताना हा आरंभ गाळला, तर चक्रधरांच्या निःसंगतेचा कार्यकारणभावच तुटतो. घर सोडणाऱ्या त्या पुरुषाने नेमके कोणाचे घर सोडले, हा प्रश्न विचारल्याखेरीज त्याच्या संन्यासाचा अर्थ लागत नाही. आणि हा प्रश्न मराठीतील पहिल्या चरित्रग्रंथानेच आपल्यापुढे ठेवला आहे.