खेळ जपायचा म्हणजे नेमकं काय जपायचं?

कॉम्प्युटर गेमचा इतिहास जपला पाहिजे, असं हल्ली सगळेच म्हणतात. आमचा प्रश्न त्याआधीचा आहे. जपायचं ते काय? यंत्र, की खेळणं?

1958 च्या ऑक्टोबरात अमेरिकेतल्या ब्रुकहेवन प्रयोगशाळेत विल्यम हिगिनबॉथम या भौतिकशास्त्रज्ञाने पाहुण्यांसाठी ‘टेनिस फॉर टू’ मांडला. ऑसिलोस्कोपच्या पाच इंची पडद्यावर एक आडवी रेघ, मध्ये जाळं आणि उसळणारा ठिपका. नॉब फिरवून कोन धरायचा, बटण दाबून फटका मारायचा. गुण मोजायची सोयच नाही! तरी लोकांनी रांगा लावल्या. पुढच्या वर्षी तो पुन्हा दाखवला गेला, मग यंत्र सुटं करून भाग दुसऱ्या कामांना लावले. हा ॲनालॉग संगणक, त्यात आजच्या अर्थाचा प्रोग्राम नव्हता. तारांची जोडणी हाच खेळ. जोडणी सुटली, खेळ संपला. 1997 मध्ये मूळ आराखड्यांवरून तो पुन्हा उभा केला. हा ‘तोच’ खेळ का? वर्गात असतो तर आम्ही यावर आठवडा घालवला असता. चेंडू त्याच रीतीने उसळतो आणि दोन माणसं खेळतात, तेव्हा आम्हांला तरी तो तोच वाटतो.

आता ‘स्पेसवॉर’ बघा. 1962, एमआयटी, स्टीव्ह रसेल आणि मंडळी. पीडीपी-1 संगणकासाठी लिहिलेला हा प्रोग्राम भोकं पाडलेल्या कागदी पट्टीवर असे. त्यावर कुणी मालकी सांगितली नाही. पट्टीची नक्कल न्यावी, हवी ती भर घालावी. खऱ्या ताऱ्यांचं आकाश पीटर सॅमसनने असंच मागाहून घातलं. म्हणून तो टिकला. माउंटन व्ह्यूच्या कॉम्प्युटर हिस्टरी म्युझियममध्ये दुरुस्त केलेल्या पीडीपी-1 वर तो चालवून दाखवतात.

नकलांनी पाठ बिघडतो, कबूल. ज्ञानेश्वरीत अपपाठ शिरले, म्हणून तर शके 1506 मध्ये एकनाथांना ती शुद्ध करावी लागली. पण नकलाच झाल्या नसत्या, तर नाथांनी शुद्ध काय केलं असतं?

म्हणून 2024 चा एक निर्णय आम्हांला खटकतो. 2010 पूर्वी अमेरिकेत निघालेल्या जुन्या खेळांपैकी 87 टक्के आता बाजारात मिळत नाहीत, असं व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने 2023 मध्ये दाखवून दिलं होतं. असे खेळ ग्रंथालयांना जतन करता येतात, पण वापरायचे तिथेच, इमारतीत बसून. ते अभ्यासकांना दुरून वापरू द्यावेत, ही मागणी कॉपीराइट कार्यालयाने नाकारली. एक भीती अशी, की लोक ते करमणुकीसाठी खेळतील. अहो, केले कशासाठी होते मग? कादंबरी घरी देताना ग्रंथपाल विचारतो का, की अभ्यास करणार आहात की नुसतेच रमणार?

कंपन्यांचं म्हणणं अगदीच पोकळ नाही. जुना खेळ नव्याने विकता येतो, त्या उत्पन्नावर हक्क त्यांचाच. पण जो विकायलाच ठेवलेला नाही, त्याचं नुकसान मोजायचं कसं, हे त्यांनी आम्हांला समजावून सांगावं. सवलतीचे हे अर्ज तीन-तीन वर्षांनी ऐकले जातात. मधल्या काळात जुन्या फ्लॉपीवरची चुंबकीय नोंद पुसट होतच राहते.