शाहीर जिवंत असताना

गेल्या दीड दशकात मराठी पडद्यावर गायकांचं पीक आलं आहे. ‘बालगंधर्व’, ‘मी वसंतराव’, ‘महाराष्ट्र शाहीर’. कीर्ती आधीच पदरात पडलेल्यांच्या गळ्यात पुन्हा हार घालण्यापलीकडे या चित्रपटांनी फारसं काही साधलं नाही. त्याआधीपासून काही जण कॅमेरा घेऊन, कुणी न विचारलेल्या गाणाऱ्यांच्या दारात वर्षानुवर्षं बसले. त्यांचं काम आपल्या चर्चेतही नाही, हे मला खुपतं.

मणी कौल यांचा ‘ध्रुपद’ हा माहितीपट थोरच. पण त्यातल्या डागर बंधूंच्या पाठीशी घराणं होतं. ज्यांच्यामागे वस्तीशिवाय कुणी नाही, त्यांचा सिनेमा म्हणजे आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’. शाहीर विलास घोगरे १९८५च्या ‘हमारा शहर’ या माहितीपटात पटवर्धनांच्या कॅमेऱ्यापुढे गायले होते. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर उतरले आणि पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मेले. चार दिवसांनी घोगऱ्यांनी गळफास घेतला. डाव्या चळवळीत गात आलेल्या या माणसाने जाताना डोक्याला आंबेडकरी चळवळीच्या निळ्या रंगाची पट्टी बांधली होती. त्या निळ्या पट्टीचा अर्थ शोधत पटवर्धन १४ वर्षं चित्रीकरण करत राहिले. कोर्टकचेऱ्या, चैत्यभूमीची गर्दी, भीमगीतं गाणाऱ्या बाया, कबीर कला मंच या गाणाऱ्या गटाची पोरं हे सगळं त्यात येतं. गाणं इथे दोन प्रसंगांमधली जागा भरायला येत नाही. पंचनाम्यात जे लिहिलं जात नाही, ते गाण्यात ऐकू येतं.

सावित्री मेधातुल यांचा ‘नटले तुमच्यासाठी’ हा माहितीपट याच जातकुळीचा. संगीतबारीतली लावणी बसून, नुसत्या नजरेने आणि हाताने कशी रंगते, हे तिथे त्या कलावतींकडूनच कळतं. ‘चंद्रमुखी’सारख्या चित्रपटाच्या झगमगाटात ते कळत नाही.

यावर ठरलेलं उत्तर येतं : माहितीपट बघतो कोण? ‘जय भीम कॉम्रेड’ तीन तासांहून मोठा आहे आणि वस्त्यावस्त्यांत लोकांनी तो बसून पाहिला. प्रेक्षक होते आणि आहेत. त्यांच्यापर्यंत जाण्याची तयारी आपल्या वितरकांची आणि वाहिन्यांची नाही. कारण उघड आहे. मेलेल्या शाहिराचा पुतळा होतो, जिवंत शाहिराची चौकशी होते. ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये गाणाऱ्या, कबीर कला मंचाच्या शीतल साठे भूमिगत झाल्या आणि एप्रिल २०१३मध्ये पती सचिन माळी यांच्यासह विधान भवनासमोर येऊन पोलिसांच्या स्वाधीन झाल्या. त्या गरोदर होत्या. शाहिरी परंपरेचे गोडवे गाणाऱ्या आपल्या चित्रपटसृष्टीतून तेव्हा किती आवाज उठले?

म्हणून माझं म्हणणं सरळ आहे. गायकावरच्या चित्रपटाचं मोल फेट्यावरून आणि सेटवरून ठरवणं थांबवा. ज्याचं गाणं सत्तेला आणि शेजाऱ्यालाही आज अडचणीचं वाटतं, त्याच्यासोबत दिग्दर्शक किती काळ उभा राहिला, हे विचारा. सरकारी अनुदान, महोत्सवांतल्या जागा आणि समीक्षकांचे रकाने आधी अशा कामाला मिळाले पाहिजेत. तसं होत नाही तोवर शाहिरीच्या वारशाचा अभिमान सांगण्याचा हक्क आपल्याला नाही.