बहुरूप्याची ओळख

नटानें कितीहि सोंगें घेतलीं तरी शेवटीं तो मूळ रूपांत परत येतो, असा त्याचा आणि प्रेक्षकांचा एक अलिखित करार असतो. दूरचित्रवाणीनें नटाला थेट दिवाणखान्यांत आणून बसविलें आणि हा करार अधिकच नाजूक झाला. कारण घरीं आलेला पाहुणा खरा कोण, हें जाणण्याचा आपणांस हक्क वाटतो. अमेरिकन नट अँडी कॉफमन (१९४९–१९८४) यानें नेमका तोच हक्क नाकारला.

‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ या कार्यक्रमाच्या पहिल्याच भागांत, ११ ऑक्टोबर १९७५ रोजीं, तो ग्रामोफोनशेजारीं ओशाळवाणा उभा राहिला. एका व्यंगचित्रपटाचें गीत वाजत असतां त्यांतील एकाच ओळीला तो आवेशानें ओठ हलवी आणि पुन्हां गप्प होई. त्याचें दुसरें सोंग म्हणजे मोडकें इंग्रजी बोलणारा, नकला फसलेला एक केविलवाणा परदेशी. प्रेक्षकांना त्याची कींव येऊं लागे, तोंच तो पाठ फिरवी आणि वळे तो एल्विस प्रेस्ली होऊनच! गाणें संपलें कीं तोच परदेशी भीत भीत आभार मानी. आमच्या मतें कॉफमनची खरी कला त्या पाठ फिरविण्याच्या क्षणांत आहे. दोघांपैकीं खरा कोण, हें विचारणें तेथें व्यर्थ ठरतें. एकाच देहांत दोघांनाहि जागा आहे, हें पाहून प्रेक्षक स्वतःच्या अंतरांत डोकावतो.

‘टॅक्सी’ या मालिकेनें (१९७८–८३) त्या परदेशी माणसाला लाटका हें नांव देऊन घरोघर पोंचविलें. परंतु पुढें कॉफमन स्त्रियांशीं कुस्ती खेळूं लागला, त्यांना तुच्छतेनें हिणवूं लागला. १९८२ सालीं डेव्हिड लेटरमनच्या कार्यक्रमांत जेरी लॉलर या मल्लानें त्याच्या थोबाडींत मारली. हें वैर ठरवून केलेलें होतें, हें कित्येक वर्षांनीं उघड झालें. प्रेक्षकांचा राग खरा असल्यावांचून त्यांना स्वतःची ओळख पटत नाहीं, असें त्याचे चाहते म्हणतील. आम्हांस तें पटत नाहीं. आपल्याकडील बहुरूपी शेवटीं हंसून बिदागी मागतो. कॉफमननें तें हंसूच वगळलें. सोंगांतला अपमानहि, तें सोंग आहे हें ठाऊक नसणाऱ्या स्त्रीला खराच लागतो.

त्याच वर्षीं नोव्हेंबरांत ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’नें दूरध्वनीवरून मतें मागविलीं. तो राहावा म्हणणारे १,६९,१८६ निघाले, जावा म्हणणारे १,९५,५४४. लोकांनीं घालविलें तें सोंगाला कीं माणसाला, हें मात्र त्यांनाहि सांगतां आलें नसतें. १६ मे १९८४ रोजीं फुप्फुसाच्या कर्करोगानें तो पस्तिसाव्या वर्षीं वारला, तेव्हां पुष्कळांनीं तेंहि एक सोंगच मानलें. आपली ओळख इतकी जपून लपविणाऱ्याला शेवटीं मरणाचीहि साक्ष पटवितां येऊं नये, याहून मोठी शोकांतिका ती कोणती?