गुस्साडीचे मुके हास्य

जैनथ येथील लक्ष्मीनारायणाचे दर्शन घेऊन आम्ही दगडी मंडपात टेकलो होतो. दिवाळी तोंडावर आली होती. या दिवसांत आदिलाबादच्या डोंगराळ मुलखात गोंडांच्या दंडारी गावोगाव फिरत असतात, असे सोबतच्या वृद्ध गृहस्थांनी सांगितले आणि आमचा परतीचा बेत तेथेच मोडला.

कोकणात आणि गोमंतकात देवळापुढे दशावतार पाहिलेल्या वाचकांस संकासुर परिचित आहे. वेद चोरणारा हा काळ्या वेषातील असुर विष्णूच्या हातून मरण्यापूर्वी मंडळींस पोटभर हसवून घेतो; परंतु त्याचे खरे शस्त्र जीभ होय. सूत्रधाराशी चाललेली त्याची उलटसुलट उत्तरे वगळली, तर मागे फारसे काही उरत नाही. विदूषकाचे हास्य अंग, वाणी व वेष या तीन द्वारांनी येते, असे भरताने सांगितले आहे. दंडारीतील गुस्साडीने मधले द्वार जवळजवळ लावूनच घेतले आहे.

डोक्यावर मोरपिसांचा थोरला मुकुट, त्यास शिंगे. खाली राख फासलेले उघडे अंग, खांद्यावर कातडे, खोटी दाढी, हातात सोटा. वर राजा, खाली रानातला जोगडा! या विसंगतीने प्रथम हसू येते हे खरे, पण तेवढ्यावर कोणी रात्र काढू शकत नाही. आम्ही पाहिलेल्या गुस्साडीचे कसब पुढे होते. मुकुट सांभाळावयाचा म्हणून मान अगदी स्थिर, चेहरा गंभीर. आणि कमरेखालचे शरीर मात्र जणू दुसऱ्याच कोणाचे! पाय तुडुमाच्या ठोक्यास चुकवतात, पळू पाहतात, पुन्हा ठोक्यावर येऊन पडतात. तो एकदम मुलांच्या अंगावर धावून गेला. मुले किंचाळली, आयांच्या पदराआड गेली आणि तेथूनच हसू लागली. भय आणि हास्य यांतील अंतर एका पावलाचे आहे, हे त्याने एक शब्दही न बोलता दाखविले. याच माणसाच्या अंगी या दिवसांत देव असतो अशी गोंडांची श्रद्धा आहे. व्रत संपेपर्यंत तो स्नानही करीत नाही. थट्टेने त्या देवपणास बाध येतो असे तेथे कोणासही वाटत नाही.

मार्लवाईचे कनक राजू यांनी हे नृत्य दिल्लीपर्यंत नेले. त्यांस 2021 साली पद्मश्री मिळाली. 2024 मध्ये ते निवर्तले. त्यांचे ऋण मोठे आहे. तथापि सभागृहांतून आज जे गुस्साडी नृत्य दिसते, त्याविषयी आमची तक्रार आहे. दहा-बारा मुकुट एका रांगेत, एका तालावर, नियमित डुलतात. पिसे सुंदर दिसतात, छायाचित्रे उत्तम निघतात, हसत मात्र कोणीच नाही. चुकण्याची मुभा काढून घेतली, की विदूषकाचा शिपाई होतो.

रंगमंच हवाच असेल तर व्यवस्थापकांनी निदान खुर्च्या उचलाव्यात, मंडळींस गोल बसवावे, आणि मुलांस सर्वांच्या पुढे.