‘कौल’ शब्दाची परीक्षा

आमच्या एका संग्राहक मित्रांनीं आपल्या दप्तराची हस्तलिखित यादी अभिप्रायार्थ आमच्याकडे पाठविली. दप्तर कोंकणांतील एका खोत घराण्याचें आहे, आणि यादी करणारानें श्रम कमी घेतलेले नाहींत. तथापि सातव्या रुमालापुढें ‘कौलांविषयीं किरकोळ, घरदुरुस्ती’ असा शेरा मारून तो रुमाल ‘निरुपयोगी’ या सदरांत टाकलेला पाहून आम्हांस शंका आली. रुमाल मागवून उघडला तों आंत छपराचा एकहि हिशेब निघाला नाहीं. पडीत जमीन लागवडीस आणण्यासाठीं दिलेले इस्ताव्याचे कौल, म्हणजे पहिल्या सालीं नाममात्र धारा व पुढें वर्षागणिक चढता, असे ते सारे कागद होते. त्याच यादींत अन्यत्र याच्या उलट घडलें होतें. देवळाच्या गुरवाकडून आलेल्या एका चिठ्ठीस ‘सारामाफीचा कौल’ म्हटलें होतें, आणि चिठ्ठी होती ती देवास लावलेल्या कौलाची.

एवढ्यावर भागलें असतें तर दोन ओळींचें दुरुस्तीपत्र पाठवून आम्ही स्वस्थ बसलों असतों. परंतु यादीस एक व्युत्पत्तिविषयक टिपण जोडलेलें आहे, आणि या चुका हातून निसटलेल्या नसून त्या टिपणांतील सिद्धांतांतूनच निघालेल्या आहेत असें दिसतें. टिपणकाराचें म्हणणें थोडक्यांत असें : ‘कौल’ हा सर्वत्र एकच शब्द असून त्याचें मूळ संस्कृत ‘कुल’ होय. कुळास दिला जातो तो जमिनीचा कौल. कुलदेवता देते तो देवाचा कौल. कुलाचें, म्हणजे कुटुंबाचें, आच्छादन करतें तें घरावरचें कौल. भरीस भर म्हणून पोर्तुगीज ‘कौल’, म्हणजे झाडाचा देंठ, हाहि तेथें आणून बसविला आहे, कारण देवास कौल लावतात तो फुलांनींच! टिपण वाचून करमणूक होते हें खरें. परंतु असें टिपण यादीच्या आरंभीं बसलें म्हणजे पुढील प्रत्येक नोंद त्याच्या ओझ्याखालीं वांकते, म्हणून त्याची परीक्षा करणें आम्हांस अवश्य वाटलें.

प्रथम जमिनीच्या कौलाकडे पाहूं. ‘कुळास देतात म्हणून कौल’ ही कल्पना व्याकरणदृष्ट्या चुकीची नाहीं. ‘कुल’ शब्दास वृद्धि होऊन ‘कौल’ होतोच. म्हणूनच ती अधिक फसवी आहे. वस्तुस्थिति अशी कीं कौल हा कुळांनाच दिला जात असे असें मुळींच नाहीं. परागंदा झालेल्या देशमुखास परत बोलावण्यासाठीं कौल, पेठ वसविणाऱ्या शेट्यास कौल, वेढा पडलेल्या किल्ल्यांतील लोकांस जीविताचें अभय म्हणून कौल, असे नाना प्रकारचे कौल जुन्या कागदांत आढळतात. या सर्वांत कूळ कोठेंच नाहीं. सर्वत्र आहे तें वचन. अरबींत ‘क-व-ल’ या धातूचा अर्थ ‘बोलणें’ असा आहे, आणि त्यापासून झालेल्या नामाचा अर्थ बोल, उक्ति, शब्द. फारसीच्या द्वारें तो दक्षिणेंतील दरबारांत आला आणि ‘दिलेला शब्द’ या अर्थानें कागदाचें नांव होऊन बसला. अरबी लिपींत या शब्दाच्या आरंभीं घशांतून उच्चारला जाणारा ‘काफ’ असतो. मोडींत व देवनागरींत तो साध्या ‘क’मध्यें मिसळून गेला. शब्दाच्या परकेपणाची खूण अशा रीतीनें लिपीनेंच पुसून टाकली. आदिलशाही व निजामशाही अमदानींतील जे द्विभाषिक कागद उपलब्ध आहेत त्यांचे फारसी व मराठी भाग संग्राहकांनीं शेजारीं ठेवून वाचावे, म्हणजे अशा शब्दांच्या वंशाविषयीं संदेह उरत नाहीं.

याहून चांगला साक्षीदार म्हणजे खुद्द मराठी भाषा. ‘कौलबोल’ हा जोडशब्द पाहा. ‘कागदपत्र’, ‘बाजारहाट’, ‘धनदौलत’ यांच्यासारखाच तो आहे : एक अंग बाहेरचें, दुसरें घरचें, आणि अर्थ दोहोंचा जवळजवळ एकच. कौल म्हणजे बोल हें जोडशब्द घडविणाऱ्या लोकांस पक्कें ठाऊक होतें. ‘कुल’ त्यांच्या मनांत असतें तर त्याला ‘बोल’ हा जोडीदार त्यांनीं दिला नसता. तेलुगूंत ‘कौलु’ हा शब्द जमिनीच्या खंडाचा वाचक आहे, आणि दुसऱ्याची जमीन कसणाऱ्या शेतकऱ्यास तेथें आजहि ‘कौलु रैतु’ असेंच म्हणतात. इंग्रज कंपनीच्या कारकुनांनीं हाच शब्द उचलला. मद्रासची जागा १६३९ सालीं फ्रान्सिस डे यास ज्या पत्रानें मिळाली तें दामर्ला नायकाचें पत्र इंग्रजी लिखाणांत ‘कौल’ म्हणूनच ओळखलें जातें. आणि त्यांनीं या शब्दाचीं जीं अक्षरें लिहिलीं त्यांचाच इंग्रजींत एक अगदीं वेगळा शब्द आहे, ख्रिस्ती जोग्याच्या डोक्यावरील टोपडें या अर्थाचा! तो लॅटिन ‘कुकुल्लुस’पासून आलेला आहे. त्या टोपड्याचा मद्रासच्या पत्राशीं संबंध जोडण्याचें धाडस अद्याप कोणीं केलेलें नाहीं. आमच्या टिपणकाराच्या दृष्टीस तें पडलें नसावें. यूल व बर्नेल यांनीं आपल्या १८८६ च्या कोशांत कौलाचा अर्थ समजावून देतांना दाखला दिला आहे तो सम्राट सिगिस्मुंडानें यान हुस यास दिलेल्या अभयाचा. त्या अभयावर विसंबून हुस कॉन्स्टन्सच्या धर्मपरिषदेस गेला आणि १४१५ सालीं जिवंत जाळला गेला. कौल म्हणजे काय हें यापेक्षां नेमकें कोणीं सांगितलेलें आम्हीं वाचलें नाहीं; ज्याच्या मोडण्यानें बोल लागतो तो कौल.

आतां देवाच्या कौलाकडे वळूं. खरी अडचण येथें आहे, आणि ती भाषाशास्त्रापेक्षां मनाची अधिक आहे. देवाच्या अंगावर फुलांच्या कळ्या वा पाकळ्या चिकटवून, प्रश्न घालून, उजवी पडते कीं डावी हें पाहावयाचें. कोंकणांत व गोमंतकांत हा विधि आजहि चालतो. अशा गाभाऱ्यांतल्या विधीला यावनी नांव कसें असेल, असें टिपणकार रागानें विचारतात. आम्ही त्यांस देवळाच्या दारापर्यंत घेऊन जातों. दारावरचा नगारखाना कोणत्या भाषेंतला? देवाच्या पालखीबरोबर चालणारी अब्दागीर ही फारसी ‘आफ्ताबगीर’, ऊन अडविणारी. पुढें चालणारें निशाण फारसी, चोपदार फारसी. आमच्या लोकांनीं देवास राजा मानलें आणि राजास जो सरंजाम शोभतो तो त्यास दिला, नांवांसकट. मग गाऱ्हाणें ऐकून राजा जसा कौल देतो तसा देवहि देऊं लागला यांत नवल काय? क्रियापदेंसुद्धां तींच राहिलीं : कौल मागणें, कौल देणें, कौल घेणें. ‘लावणें’ एवढें एकच क्रियापद विधीच्या रीतीमुळें नवें जोडलें गेलें. ‘कुलदेवता देते म्हणून कौल’ असें म्हणावें तर कौल ग्रामदेवतेसहि लावतात, आणि गांवांत निरनिराळ्या कुळांचे लोक असतात.

विधि शब्दापेक्षां जुना असेल, आणि तो तसा असावा असें आम्हांसहि वाटतें. नांव उसनें आलें म्हणून कृत्य उसनें ठरत नाहीं. ही एक गोष्ट ध्यानांत घेतली असती तर टिपणकारास रागावण्याचें कारण पडलें नसतें. शिवकालीं राज्यव्यवहारकोश रचून दरबारी फारसी शब्दांस संस्कृत प्रतिशब्द देण्याचा यत्न झाला तो त्या शब्दांचें मूळ ओळखूनच. शब्द बदलणें हा एक उद्योग आहे. तो आधींपासून आपलाच होता असें सिद्ध करणें हा दुसरा, आणि पहिल्याच्या मानानें तो हलका.

या देवाच्या कौलाची पुढची पिढी तर आपल्या डोळ्यांदेखत वाढली आहे. निवडणुकीनंतर वर्तमानपत्रें ‘जनतेचा कौल’ छापतात. राजानें रयतेस द्यावयाचा तो कौल, मध्यें देवाच्या हातीं जाऊन, आतां रयत राज्यकर्त्यांस देते! कोशांत हे तिन्ही अर्थ एका शब्दाखालीं यावयास हवेत, कारण एक अर्थ दुसऱ्यांतून निघाला आहे. कव्वाल ज्या ‘कौला’वरून कव्वाल झाला तो गाण्याचा प्रकारहि याच घराण्यांतला.

परंतु खरोखर ‘कुल’पासून निघालेला जो ‘कौल’ आहे तो याहून सर्वथा भिन्न. शाक्त तंत्रांतील कौलमार्ग प्रसिद्ध आहे. काश्मिरी पंडितांतील कौल हें आडनांव त्याच मार्गाशीं जोडलें जातें. पंडित जवाहरलाल नेहरूंचे पूर्वज राज कौल हे याच आडनांवाचे. मत्स्येंद्रनाथांच्या नांवावर असलेला कौलज्ञाननिर्णय हा ग्रंथ नेपाळांतील हस्तलिखितावरून प्रबोधचंद्र बागची यांनीं १९३४ सालीं प्रसिद्ध केला. ज्ञानेश्वरांची गुरुपरंपरा मत्स्येंद्रांपर्यंत जात असल्यामुळें आपल्याकडील जुन्या मठांच्या पोथ्यांत असले ग्रंथ वा त्यांचे त्रुटित भाग निघणें अशक्य नाहीं. तेथें ‘कौल’ व ‘निर्णय’ हीं दोन पदें एकत्र पाहून एखाद्यानें ती पोथी जमिनीच्या तंट्यांत नेऊन बांधूं नये, एवढीच प्रार्थना.

घरावरच्या कौलाविषयीं फार लिहिण्यासारखें नाहीं. तें मातीचें आहे व या देशच्याच मातीचें आहे. माळव्यांत व वऱ्हाड-नागपुराकडे ‘कवेलू’ म्हणतात तो त्याचा सख्खा भाऊ. ‘कपाल’, म्हणजे खापर, या शब्दाकडे त्याचें मूळ नेण्यांत येतें. कुटुंबाच्या आच्छादनाची कवि-कल्पना येथें नको. जाता जातां एक गोष्ट मात्र संग्राहकांच्या उपयोगाची आहे. मंगळुरी कौलांचा उल्लेख ज्या हिशेबांत येईल तो हिशेब १८६५ च्या आधींचा असूं शकत नाहीं, कारण बाझल मिशनचा कौलांचा कारखाना मंगळुरास त्या सालीं निघाला. कागदावर साल नसेल तर ही खूण कामीं येते.

राहिला पोर्तुगीज देंठ. तो लॅटिन ‘कौलिस’पासून आलेला, त्याचा आमच्या चारांपैकीं एकाहि कौलाशीं संबंध नाहीं. नाद जुळला एवढेंच. मौज अशी कीं या लॅटिन शब्दाचा वंश मराठींत आला आहे, पण भलत्याच वेषानें. ‘कौलिस’पासूनच पोर्तुगीज ‘कोव्ह’ झाला, आणि त्यापासून आमची कोबी. फ्लॉवरच्या भाजीच्या इंग्रजी नांवांतील पहिला अर्धा भागहि तोच. जें ऐकतांना सारखें लागतें तें परकें, आणि जें मुळींच सारखें लागत नाहीं तें नात्यांतलें! कानाच्या साक्षीवर व्युत्पत्ति ठरविणारांनीं मंडईंत जातांना याचा विचार करावा.

यादीकारास मात्र आम्ही सर्वस्वीं दोष देत नाहीं. मोडी वाचणारास येथें खरोखरच खांच आहे. वचनाचा कौल पुल्लिंगी, घरावरचें कौल नपुंसकलिंगी. बोलतांना घोटाळा होत नाहीं. परंतु मोडींत पदें तोडून लिहीत नाहींत, आणि अनुस्वार तर बहुधा गाळलेलाच. ‘कौल दिले’ एवढीं अक्षरें पुढें आलीं तर अनेक माणसांस कौल दिले कीं एक कौल दिलें? ‘कौलांची याद’ म्हटलें तर दोन्ही लिंगांत रूप तेंच. अशा वेळीं शब्दाकडे टक लावून उपयोग नाहीं; त्याच्या शेजाऱ्यांकडे पाहावें. घरावरचीं कौलें शेंकड्यानें वा हजारांनीं मोजतात, त्यांस दर असतो, गाडीभाडें असतें. वचनाचा कौल एका नांवाच्या माणसास असतो, त्यांत साल असतें, आणि ‘कौल दिधला ऐसा जे’ असला ठसा बहुधा आरंभींच सांपडतो. देवाच्या कौलांत प्रश्न असतो व उजवा-डावा असतो. सातव्या रुमालाचा पहिला कागद चार ओळी वाचला असता तरी ‘घरदुरुस्ती’ हा शेरा पडता ना.

मित्रांनीं यादी परत नेली आहे. सातवा रुमाल ‘निरुपयोगी’ सदरांतून काढून जमीनबाबीकडे नेण्याचें त्यांनीं मान्य केलें. गुरवाची चिठ्ठी देवस्थानाच्या कागदांत गेली. टिपण काढून टाकण्यास मात्र त्यांचा जीव होत नाहीं, कारण तें त्यांच्या वडील बंधूंनीं लिहिलेलें आहे. तें ठेवावें, परंतु यादीच्या आरंभीं न ठेवतां शेवटीं ठेवावें, असें आम्हीं सुचविलें आहे. त्याच ‘निरुपयोगी’ सदरांत अठराव्या रुमालापुढें ‘कौलें व वासे’ असा शेरा अजून आहे. वासे आहेत म्हणतात त्या अर्थीं हा खरोखरच घराचा हिशेब असेल. तथापि तो उघडून पाहिल्याशिवाय वाळवीस देऊं नये, असें आम्हीं त्यांस कळविलें आहे.